बंदोबस्त एका दिवसाचा, बांध जन्माचा
(जिल्हा बैठकीतील भाषणाचा मजकूर)



आजच्या बैठकीत भावाचा विषय आहे, वीजबिलाचा आहे, पीकविम्याचा आहे. त्यांवर बोलणारे बोलतील. आम्ही जो विषय घेऊन उभे आहोत तो सभेत सहसा कोणी काढत नाही. सभा सुटली, माणसे चहाच्या गाड्याजवळ जमली, की मग हळूच कोणी तरी बाजूला घेतो आणि विचारतो, "शेजाऱ्याने वाट अडवली आहे. तहसीलदाराचा आदेश माझ्या बाजूने आहे. पण बंदोबस्त मिळत नाही. हायकोर्टात जाऊ का?"

दुसरा विचारतो, "मोजणीला माणूस आला, पण भावकीने टेप धरू दिली नाही. पोलीस आणल्याशिवाय मोजणी होत नाही. काय करू?"

आमचे उत्तर थोडक्यात असे आहे. कोर्टात जाण्याचा हक्क तुमचा आहे आणि तो कोणी हिरावून घेऊ शकत नाही. पण पोलीस घेऊन बांधावर जाण्याआधी समेटाची एक पायरी आहे. ती चढून पाहावी. याचिका दाखल झाली असली तरी ती पायरी संपत नाही. ती कशी चढायची आणि कोठे चढायची नाही, एवढेच आज सांगायचे आहे.

दीड गुंठ्याचा हिशेब

आधी वाद कशाचा आहे ते मोजू. एक चौरस एकर जमीन धरा. तिची एक बाजू साधारण २०८ फूट भरते. तिच्या कडेने आठ फुटांची गाडीवाट काढली तर जागा जाते १६६४ चौरस फूट. गुंठा म्हणजे १०८९ चौरस फूट. म्हणजे दीड गुंठा. बांधाच्या दोन्ही अंगांनी निम्मी निम्मी जागा सोडली तर एकाच्या वाट्याला पाऊण गुंठा.

कोरडवाहू रानात पाऊण गुंठ्यात ज्वारी किती होते, कापूस किती निघतो, हे तुम्हाला आम्ही सांगायला नको. पण ती वाट अडली तर काय होते? मृगात पाऊस पडला की काळ्या रानातून ट्रॅक्टर जात नाही. बी-खताची पोती डोक्यावर न्यावी लागतात. वापसा आला तरी तिफण शेतात पोचत नाही, पेरणी मागे पडते. कापूस वेचून झाला तरी गाठोडी रस्त्यापर्यंत आणायला वेगळी मजुरी. कडब्याची गाडी निघत नाही म्हणून पेंढ्या रानातच पडून राहतात आणि बाजार उतरला की विकाव्या लागतात. सगळे रान असून नसल्यासारखे होते.

म्हणजे एकाचे नुकसान पाऊण गुंठ्याचे आणि दुसऱ्याचे सगळ्या शेताचे. व्यापारी असता तर असा सौदा तासाभरात मिटवला असता. आपण तो दहा दहा वर्षे मिटवत नाही. कारण बांधावर भांडण जमिनीचे दिसते, पण त्याच्या पोटात आणखी काही तरी असते. त्याकडे पुढे येऊ.

आपल्या जिल्ह्यात हा प्रश्न वाढण्याची कारणेही आहेत. वाटण्या होत गेल्या. आजोबाच्या एका गटाचे सहा तुकडे झाले. आजोबाला वाट लागत नव्हती, कारण सगळे रान त्याचेच होते. मागच्या तुकड्याला वाट कोठून, हे वाटणीच्या कागदावर कोणी लिहिलेच नाही. १९९३ च्या भूकंपानंतर उमरगा-लोहारा भागात कितीतरी गावे नव्या जागी बसली. घर एकीकडे आणि शिवार दुसरीकडे झाले, जाण्यायेण्याच्या वाटा बदलल्या. आणि २०२५ च्या सप्टेंबरातल्या अतिवृष्टीत परंडा, भूम भागात नदीकाठची माती खरवडून गेली, बांध वाहून गेले. जेथे बांधच उरला नाही तेथे तो पुन्हा कोठे घालायचा, हा वाद ठरलेलाच.

बंदोबस्तात नेमके काय मिळते

आता बंदोबस्ताचे बघू. आदेश झाला, पोलीस आले, मंडळ अधिकारी आले, जेसीबी आला. काट्या बाजूला केल्या, चर बुजवला, वाट मोकळी झाली. पंचनामा झाला. संध्याकाळी पोलीस ठाण्यात परत गेले.

दुसऱ्या दिवशी त्या वाटेवर कोण आहे? तुम्ही आणि तो शेजारी. रात्री पुन्हा काटी पडली तर पुन्हा अर्ज, पुन्हा तारीख. तोवर इकडून एक तक्रार, तिकडून एक तक्रार. दोन्हीकडची तरणी पोरे ठाण्याच्या बाकावर. पोराला नोकरीसाठी चारित्र्य पडताळणी लागली की तेव्हा कळते, बांधाची खरी किंमत काय पडली ती.

बंदोबस्त फुकटच मिळतो असेही नाही. खाजगी कामासाठी जादा पोलीस मागितले तर त्यांचा खर्च मागणाऱ्याकडून घेण्याची तरतूद महाराष्ट्र पोलीस अधिनियम १९५१ च्या कलम ४७ मध्ये आहे. शेतरस्त्याच्या कामात शुल्काबाबत शासनाचा चालू आदेश काय आहे, हे तहसील कचेरीत आधी विचारून घ्यावे.

पोलिसांनाही आम्ही दोष देत नाही. सण, मोर्चे, निवडणुका, यात्रा सांभाळून उरतील तेवढे शिपाई त्यांच्याकडे असतात. आणि एका बांधावर रोज शिपाई बसवणे कोणत्याच राज्याला परवडणार नाही.

हायकोर्टात काय होते

बंदोबस्त मिळाला नाही की वकील सांगतात, छत्रपती संभाजीनगरच्या खंडपीठात रिट याचिका टाकू. आपल्या गावांपासून जाऊन येऊन दोन दिवस मोडतात. तेही एक वेळ सोसू. पण त्या याचिकेत न्यायालय काय बघते, ते आधी समजून घ्या.

२००६ साली सर्वोच्च न्यायालयाने पी. आर. मुरलीधरन या प्रकरणात एक निकाल दिला. वाद केरळातला होता, एका आश्रमाच्या प्रमुखपदाचा. पदावर हक्क सांगणाऱ्याने पोलीस संरक्षण मागितले होते. न्यायालयाने सांगितले की संरक्षण मागण्याच्या नावाखाली दिवाणी हक्काचा निवाडा रिट याचिकेत होऊ शकत नाही. ज्याचा हक्क सक्षम न्यायालयाने आधी ठरवला आहे त्याला पोलिसांची मदत मागता येईल. हक्कच ठरलेला नसेल तर आधी दिवाणी न्यायालयात जावे.

आपल्या भाषेत सांगायचे तर, आधी कागद, मग शिपाई. ज्याच्या हातात तहसीलदाराचा आदेश नाही, दिवाणी कोर्टाचा मनाईहुकूम नाही, त्याने नुसत्या दांडगाईच्या तक्रारीवर हक्क ठरवून मागितला तर याचिका परत येण्याचीच शक्यता जास्त.

आणखी एक गोष्ट ध्यानात घ्या. अशा याचिकेत पहिला प्रतिवादी कोण असतो? महाराष्ट्र शासन. मग पोलीस अधीक्षक, मग ठाण्याचे निरीक्षक. ज्याने वाट अडवली तो शेजारी सगळ्यात शेवटच्या नंबरला. भांडण तुमचे त्याच्याशी, आणि कोर्टात बोलणे चालते सरकारी वकिलाशी. समेटाच्या बैठकीत हा क्रम उलटतो. शेवटच्या नंबरचा माणूस पहिल्यांदा समोर येतो. म्हणूनच जे प्रश्न याचिकेत सुटत नाहीत ते तेथे सुटू शकतात.

समेटाच्या सरकारमान्य जागा

समेट म्हणजे कोणी तरी दरडावून गप्प बसवणे असा समज आहे. तसे नाही. कायद्यानेच त्यासाठी जागा करून दिल्या आहेत.

पहिली जागा आपल्याच गावात. महात्मा गांधी तंटामुक्त गाव मोहीम १५ ऑगस्ट २००७ पासून सुरू झाली. ग्रामसभेने समिती निवडायची, गावातल्या दिवाणी, महसुली, फौजदारी तंट्यांची नोंद करायची आणि सामोपचाराने मिटवायचे, अशी ती रचना. पुढे मोहिमेचा जोर ओसरला. बऱ्याच गावांत कमान राहिली, फलक राहिला आणि समिती कागदावर गेली. पण रचना अजून उपयोगाची आहे. ग्रामसभेत उठून विचारा, आपल्या समितीत कोण आहे आणि तंट्यांची वही कोठे आहे?

दुसरी जागा लोकअदालत. विधी सेवा प्राधिकरण कायदा १९८७ चा आहे आणि १९९५ पासून अमलात आला. लोकअदालतीत झालेला निवाडा दिवाणी कोर्टाच्या हुकूमनाम्याइतकाच पक्का असतो. त्यावर अपील नाही, आणि भरलेली कोर्ट फी परत मिळते. धाराशिवला जिल्हा विधी सेवा प्राधिकरण आहे. तालुक्याच्या कोर्टात तालुका समिती असते. या कायद्याच्या कलम १२ मध्ये मोफत वकील कोणाला मिळतो त्याची यादी आहे. त्यात स्त्रिया आहेत, अनुसूचित जाती-जमातींची माणसे आहेत, आणि आपल्यापैकी फार थोड्यांना माहीत असलेली एक ओळ आहे. पूर, दुष्काळ आणि भूकंप यांनी अडचणीत आलेला माणूसही त्या यादीत आहे. आपल्या जिल्ह्याने ही तिन्ही संकटे पाहिली आहेत. मागायला लाजू नका.

तिसरी जागा कोर्टातलीच मध्यस्थी. दिवाणी प्रक्रिया संहितेत कलम ८९ घातले गेले आणि ते १ जुलै २००२ पासून लागू झाले. चालू दाव्यात समेटाची शक्यता दिसली तर न्यायाधीश तो मध्यस्थाकडे पाठवू शकतात. मध्यस्थ निकाल देत नाही. तो दोघांना वेगवेगळे ऐकतो, मग एकत्र बसवतो. तेथे बोललेले बाहेर फुटत नाही आणि जमले नाही तर तुमच्याविरुद्ध वापरलेही जात नाही. खटला जेथे थांबला तेथून पुढे चालू. हायकोर्टात बंदोबस्ताची याचिका पडून असली तरी दोन्ही बाजू तयार असतील तर वकिलामार्फत न्यायालयाला तसे सांगता येते. २०२५ च्या जुलै ते सप्टेंबरात देशभरच्या न्यायालयांनी प्रलंबित प्रकरणांसाठी ९० दिवसांची मध्यस्थी मोहीम चालवली होती. म्हणजे न्यायालयेच सांगत आहेत की मिटत असेल तर मिटवा.

चौथी गोष्ट सलोखा योजना. ३ जानेवारी २०२३ च्या शासन निर्णयाने ती आली. तुझे रान माझ्या ताब्यात आणि माझे तुझ्या ताब्यात, असे बारा वर्षे किंवा जास्त चालत आले असेल, तर दोघांनी राजीखुशीने अदलाबदलीचा दस्त करायचा. मुद्रांक शुल्क एक हजार रुपये आणि नोंदणी फी एक हजार रुपये. तलाठी व मंडळ अधिकाऱ्यांचा पंचनामा लागतो. योजनेला मुदत आहे. ती पुढे वाढवली गेली, तरी अर्ज करण्याआधी चालू मुदत तलाठ्याला विचारा.

मुदत सांभाळा

येथे एक धोका सांगितलाच पाहिजे. वहिवाटीची जुनी वाट कोणी अडवली तर मामलेदार न्यायालय अधिनियम १९०६ च्या कलम ५ खाली तहसीलदाराकडे दाद मागता येते. पण अडवल्यापासून सहा महिन्यांच्या आत. शेजारी गोड बोलतो, "दिवाळीनंतर बसू, संक्रांतीनंतर बसू, लग्नसराई आटपू दे." आणि सहा महिने निघून जातात.

म्हणून नियम असा ठेवा. बोलणी चालू ठेवायची आणि अर्ज मुदतीत दाखल करून ठेवायचा. अर्ज दाखल केला म्हणजे समेट मोडला असे होत नाही. समेट झाला की तोच अर्ज तडजोडीने निकाली काढता येतो.

वाट पहिल्यापासून नव्हतीच आणि बांधावरून नवी पाहिजे असेल तर मार्ग वेगळा आहे. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता १९६६ चे कलम १४३. तेथे तहसीलदार चौकशी करून बांधावरून वाट देऊ शकतात. तो निर्णय मान्य नसणाऱ्याला एक वर्षात दिवाणी दावा करता येतो. कोणत्या कलमाखाली जायचे हे चुकले तर वर्ष वाया जाते, तेव्हा अर्ज लिहिण्याआधी जाणत्याला दाखवा.

बैठक कशी बसवावी

आता मुख्य कामाकडे येऊ. बैठक पेरणीच्या तोंडावर लावू नका. तेव्हा दोघेही घाईत असतात आणि डोके तापलेले असते. ज्वारी काढून कडबा हलला, रान मोकळे झाले, की मार्च ते मे हा काळ चांगला. बांध उघडा दिसतो, उभे पीक नसते, कोणाचे नुकसान न होता टेप टाकता येते.

बैठक कोणाच्या घरी नको. पुढाऱ्याच्या वाड्यात तर नकोच. बांधावर बसा, सकाळी उन्हाआधी बसा. दोन्हीकडून दोन-दोन माणसे आणि मध्ये दोघांनाही चालेल असा एक. मधला माणूस दोघांपैकी कोणाचा सोयरा नसावा, सावकार नसावा, आणि त्याला त्या जमिनीत रस नसावा.

सातबारावर ज्यांची नावे आहेत ती सगळी बैठकीत पाहिजेत. आपण दोन भाऊ बसवतो आणि मिटले म्हणतो. पण पुण्याला गेलेल्या तिसऱ्या भावाचे नाव सातबारावर असते, सासरी गेलेल्या बहिणीचे नाव असते, चुलतीचे असते. त्यांची सही नसेल तर मिटलेले पुन्हा उकरून निघते. ज्याला येणे शक्य नाही त्याने रीतसर कुलमुखत्यारपत्र द्यावे. बाई खातेदार असेल तर तिने स्वतः बोलावे. तिच्या वतीने दीर बोलणार नाही, आणि तिच्याबरोबर आणखी एक बाई बसेल, एवढे मधल्या माणसाने सुरुवातीलाच ठरवून घ्यावे.

आधी दोघांना वेगवेगळे ऐका. मघाशी म्हणालो, वादाच्या पोटात आणखी काही असते, ते येथे बाहेर पडते. समजा धाकटा म्हणतो, "तात्याने वाट अडवली." तात्यांना बाजूला घेऊन विचारा, "तात्या, वाट नको का म्हणता?" तात्या आधी जमिनीचे बोलतील, मग पिकाच्या नासाडीचे बोलतील. थोडे थांबलात तर म्हणतील, "अरे, याच्या बापाने विहिरीच्या पाळीत मला तीन उन्हाळे पाणी दिले नाही. आज याला वाट पाहिजे?" आता कळले. वाद वाटेचा कमी आणि पाळीचा जास्त. वाट आणि पाण्याची पाळी एकाच कागदावर आली तर मिटेल. नुसत्या वाटेचा आदेश घेऊन पोलीस आले असते तर पाळीचा विषय कोणी काढला असता काय?

कधी ते निवडणुकीतले असते, कधी मोडलेल्या सोयरिकीचे, कधी मयताला न आल्याचे. मधल्या माणसाने हे ऐकून घ्यावे. त्याचा न्याय करायला बसू नये. ऐकून घेतले की निम्मा राग उतरतो.

मग मोजणी. शक्यतो दोघांनी मिळून मोजणीचा अर्ज करावा आणि फी निम्मी निम्मी भरावी. एकट्याने आणलेली मोजणी दुसऱ्याला पटत नाही. दोघांनी आणलेली मोजणी दोघांच्या अंगाला लागते. मोजणी झाली की त्याच दिवशी हद्दीवर दगड पुरा.

कागद असा पाहिजे

तोंडी समेट पहिल्या पावसात वाहून जातो. लिहून घ्या. लिहिताना या गोष्टी सुटू देऊ नका.

वाट कोठून कोठपर्यंत, कोणत्या गटातून, किती फूट रुंद. नुसते "गाडीवाट" लिहू नका. बैलगाडीचा काळ गेला. ट्रॅक्टर-ट्रॉली वळली पाहिजे, मळणीयंत्र गेले पाहिजे. २०२५ साली महसूल विभागाने शेतरस्ते तीन ते चार मीटर रुंदीचे करण्याचा आणि त्यांची सातबाराच्या इतर हक्कांत नोंद घेण्याचा आदेश काढला आहे. तेवढी रुंदी जमत असेल तर तेवढी लिहा. जमत नसेल तर जेवढी ठरली तेवढी आकड्यात लिहा.

पावसाचे पाणी कोणत्या बाजूने निघणार. वाटेवरचे झाड कोणाचे. मुरूम कोण टाकणार. उभे पीक असताना वाट कशी वापरायची. उद्या कोणी रान विकले तर घेणाऱ्यालाही ही वाट बांधील राहील, हेही लिहा.

आणि सगळ्यात महत्त्वाचे, क्रम. "तू आधी केस काढ, मग मी वाट देतो" असे कोणी म्हणाले तर मान्य करू नका. "तू आधी वाट दे, मग मी केस काढतो" हेही समोरच्याला पटणार नाही. दोन्ही एका दिवशी करा. सकाळी वाट मोकळी, पंचांसमक्ष गाडी नेऊन आणायची, आणि दुपारी कोर्टात किंवा तहसीलला तडजोडीचा अर्ज. ज्या कचेरीत प्रकरण आहे तेथे तडजोड नोंदवून घ्या, म्हणजे तिला आदेशाचे बळ येते. मग फेरफार, मग सातबारावर नोंद. प्रकरण हायकोर्टात असेल तर तडजोडीच्या अटी याचिकेत दाखल करा. आणि ज्या ठाण्याकडे बंदोबस्त मागितला होता तेथेही एक प्रत द्या. उद्या कोणी कागद मोडला तर पोलिसांपुढे तुमचा नुसता आरोप नसतो, त्याचीच सही असते.

वादातल्या जमिनीबाहेरचा तुकडा तडजोडीत आला तर नोंदणी लागू शकते. तेवढ्यासाठी वकिलाला विचारा.

जेथे समेट नको

आता दुसरी बाजू. समेटाचे बोलता बोलता कोणी तरी दुबळ्याला दाबून टाकेल, ही भीती खरी आहे. म्हणून मर्यादा स्पष्ट ठेवू.

जेथे मारहाण झाली, डोके फुटले, बाईच्या अंगावर हात टाकला, तेथे आधी ठाणे आणि दवाखाना. समितीपुढे बसवून फिर्याद मागे घ्यायला लावणे हे आपले काम नाही. जातीवरून शिवीगाळ किंवा मारहाण झाली असेल तर १९८९ चा अत्याचार प्रतिबंधक कायदा आहे. त्या फिर्यादीवर गावाने दबाव आणणे हाच वेगळा अन्याय आहे.

एकट्या विधवेचा बांध दरवर्षी एका तासाने, एका सरीने कोरत न्यायचा, आणि तिने तक्रार केली की "निम्मे तू सोड, निम्मे तो सोडेल" असा समेट सांगायचा. याला समेट म्हणत नाहीत. जिचे गेले तिने आणखी का सोडावे? तेथे मोजणी करा, जेवढे सातबारावर आहे तेवढे तिला द्या. बोलणे झालेच तर परत कधी आणि कसे देणार, एवढ्यापुरते.

स्वतःच्या मर्जीने लग्न केलेल्या मुलामुलींनी पोलीस संरक्षण मागितले तर तो बैठकीचा विषय नाही. दोन सज्ञान माणसांच्या लग्नात खाप पंचायतींनी पडू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१८ साली शक्ती वाहिनी प्रकरणात स्पष्ट सांगितले आहे. घरच्यांची समजूत घालायची तर जरूर घाला, पण जोडप्याला आधी सुरक्षित राहू द्या. आणि बैठकीचा निर्णय मानला नाही म्हणून कोणाचे पाणी, किराणा, मजूर तोडले, तर २०१६ चा सामाजिक बहिष्कार प्रतिबंधक कायदा लागू होतो आणि त्यात तुरुंग आहे. मध्यस्थ आणि जातपंचायत यांत फरक एवढाच की मध्यस्थापुढून उठून जाता येते. ज्या बैठकीतून उठून जाता येत नाही तेथे बसू नका.

कंपनी समोर असेल तर

आपल्या जिल्ह्यात पवनचक्क्या आल्या, विजेच्या मोठ्या वाहिन्या आल्या. रस्त्याला, मनोऱ्याला, तारेला रान लागते. कोठे शेतकरी आडवा उभा राहतो आणि कंपनी पोलीस संरक्षण मागते. येथेही नियम तोच लावा. आधी कागद, मग शिपाई. बंदोबस्ताबरोबर आलेल्या माणसाला शांतपणे विचारा, माझ्या गटात येण्याचा आदेश कोणाचा, तारीख काय, मोबदला कोणत्या दराने आणि कोणी ठरवला? प्रत मागा, अंगठा किंवा सही देऊ नका, हात उचलू नका. हात उचलला की मोबदल्याचा प्रश्न बाजूला पडतो आणि गुन्ह्याचा प्रश्न पुढे येतो.

कंपनीशी बोलणी करायची तर एकट्याने करू नका. भावाभावांत बळ सारखे असते, म्हणून तेथे बांधावर बसता येते. कंपनीकडे वकील आहेत, मोजणीदार आहेत, थांबायला पैसा आहे. म्हणून ज्या ज्या शेतकऱ्याच्या रानातून ती वाहिनी जाते त्या सगळ्यांनी एकत्र बसावे, विधी सेवा प्राधिकरणाकडून वकील मागावा, आणि बैठक सरकारी अधिकाऱ्यासमोर, इतिवृत्त लिहून व्हावी. वेगवेगळ्या दरांनी एकेकाला गाठले की सगळ्यांचाच भाव पडतो. हे आपल्याला कापसाच्या बाजाराने चांगलेच शिकवले आहे.

आता काम

भाषण येथे संपवतो आणि काम सांगतो.

प्रत्येक गावातून तीन नावे पाहिजेत. गावात ज्यांच्या शब्दाला दोन्ही बाजू मान देतात असे दोघे आणि एक बाई. निवडणुकीला उभे राहणारे नकोत. या तिघांनी पुढच्या बैठकीपर्यंत एक वही घालावी. आपल्या शिवारात किती वाटा अडल्या आहेत, किती बांध वादात आहेत, कोणते प्रकरण तहसीलला, कोणते प्रांताकडे, कोणते हायकोर्टात. ज्याला सहा महिने व्हायला आले आहेत त्याच्या नावापुढे खूण करावी. त्याचा अर्ज आधी.

मार्चमध्ये ज्वारी निघाली की त्या वहीतल्या सगळ्यात सोप्या प्रकरणापासून सुरुवात करा. अवघड आधी घेऊ नका. एक वाट मोकळी झाली की तिच्यावरून जाणारी गाडी सगळे गाव बघते, आणि पुढच्या दोघांना बसायला सांगणे सोपे जाते.

मृगाआधी जेवढ्या वाटा मोकळ्या होतील तेवढ्या करू. नावे आजच, जेवणाच्या सुटीत, आपापल्या तालुक्याच्या कार्यकर्त्यांकडे लिहून द्यावीत.